दोनदा पेस्ट कंट्रोल केलं, तरी पिसवा परत कशा येतात?

प्रश्न थोडक्यात असा: कोथरूडला तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट, घरात एक कुत्रा आणि एक मांजर. गणपतीत दहा दिवस गावी गेलो होतो. कुत्रा बोर्डिंगला, मांजर शेजाऱ्यांकडे. परत येऊन दार उघडलं आणि दहा मिनिटांत घोट्यांवर पिसवा. बंद घरात त्या आल्या कुठून? त्यानंतर दोनदा पेस्ट कंट्रोल केलं, तरी तीन आठवड्यांनी पुन्हा तेच. पिसूचं नेमकं चालतं कसं, आणि हे सगळं शोधलं कोणी?

बाहेरून कुठूनही आल्या नाहीत. तुम्ही कुलूप लावलंत तेव्हा त्या घरातच होत्या, सोफ्याखालच्या धुळीत, कोशात बसलेल्या. पेस्ट कंट्रोलवाल्यानं त्या दिवशी उघड्यावर असलेल्या पिसवा मारल्या असतील, पण कोशातल्यांपर्यंत त्याचं औषध पोचलं नाही. पिसूचा सगळा खेळ या कोशाचा आहे. तो नीट समजला की काय करायचं ते आपोआप कळतं, म्हणून त्यावर जरा जास्त लिहितो.

आधी ती पिसूच आहे ना, एवढं बघून घ्या. आपल्याकडे बरेच जण गोचिडीलाही पिसूच म्हणतात आणि मग भलतंच औषध आणतात. गोचिडीला आठ पाय असतात. ती कातडीला चिकटून बसते, भिंतीवर चढते, पण उडी कधीच मारत नाही. पिसूला सहा पाय असतात, लांबी दोन-तीन मिलिमीटर, रंग तपकिरी, आणि अंग दोन्ही बाजूंनी दाबल्यासारखं उभं चपटं. ऊ वरून खाली चपटी, पिसू डावी-उजवीकडून चपटी. त्यामुळे ती केसांच्या दाटीतून माशासारखी सरकते. अंगावरचे राठ केस मागे वळलेले असल्यानं ओढली तरी निघत नाही, आणि बोटांच्या चिमटीत चिरडतही नाही. बारीक दातांच्या फणीनं विंचरा आणि फणी लगेच साबणाच्या पाण्यात बुडवा. साध्या पाण्यावर ती तरंगत राहते, साबणामुळे बुडते.

पिसू हाती लागली नाही तरी खूण सापडते. शेपटीच्या मुळाशी आणि पाठीवर फणी फिरवून निघणारे काळे कण ओल्या पांढऱ्या टिश्यूवर टाका आणि दोन मिनिटं थांबा. कणाभोवती तांबूस वर्तुळ उमटलं तर ती पिसूची विष्ठा, म्हणजे जवळजवळ न पचलेलं रक्त. काळेच राहिले तर माती. मांजराच्या बाबतीत ही चाचणी विशेष उपयोगी, कारण मांजर स्वतःला चाटून पिसवा गिळून टाकतं आणि अंगावर एकही दिसत नाही.

आता जीवनक्रम. पुण्यातल्या घरात जी सापडते ती बहुतेक वेळा मांजरपिसू, शास्त्रीय नाव टेनोसेफॅलिडिस फेलिस. नाव मांजराचं, पण कुत्र्यावर ती तितकीच सुखानं नांदते. आपल्याकडे कुत्र्यांवर आणि शेळ्यांवर तिची चुलत बहीण टेनोसेफॅलिडिस ओरिएंटिसही भरपूर असते. घरगुती उपायांच्या दृष्टीनं दोघींत फरक नाही. प्रौढ पिसू एकदा जनावरावर चढली की सहसा उतरत नाही. ‘पिसवा गादीत राहतात, रात्री येऊन चावतात’ हे वर्णन ढेकणाचं. पिसू तिथेच रक्त पिते, तिथेच जोडी जमवते आणि पहिल्या रक्तानंतर एक-दोन दिवसांत अंडी घालायला लागते. ऐन भरात असलेली मादी दिवसाला ४० ते ५० अंडी घालते.

मादी किती रक्त पिते हे मायकेल ड्रायडन आणि गाफर या अमेरिकी पशुवैद्यक संशोधकांनी १९९१ मध्ये मोजून दाखवलं: दिवसाला सरासरी १३.६ मायक्रोलिटर, म्हणजे स्वतःच्या वजनाच्या सुमारे १५ पट. ७२ माद्या मिळून दिवसाला एक मिलिलिटर. लहान पिल्लं पिसवांनी पांढरीफटक पडतात, कधी दगावतात, ती या हिशेबानं. पण एवढं रक्त तिला स्वतःला लागत नाही. बरंचसं ती तसंच बाहेर टाकते, ते वाळतं, दाणे होतात आणि जनावराच्या अंगावरून खाली पडतात. अंडीही चिकट नसतात, गुळगुळीत, अर्ध्या मिलिमीटरची, पांढरी. तीही खालीच पडतात. कुत्र्याच्या झोपायच्या जागी काळी चादर अंथरून सकाळी पाहिलंत तर मीठ आणि मिरपूड एकत्र सांडल्यासारखं दिसतं. मीठ ही अंडी आणि मिरपूड हा त्यातून निघणाऱ्या पोरांचा शिधा. आईनं पोरं टाकली, पण डबा बरोबर दिला.

हे डोळ्यांनी बघायचं असेल तर, आणि प्राणिशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी जरूर बघावं, दोन घट्ट झाकणाच्या काचेच्या बरण्या घ्या. पहिलीच्या तळाशी थोड्या पाण्यात साधं मीठ घाला, ते विरघळायचं थांबून तळाला साठेपर्यंत. अशा संपृक्त द्रावणावरच्या बंद हवेत आर्द्रता ७५ टक्क्यांच्या आसपास स्थिर राहते. दुसऱ्या बरणीत मिठाऐवजी मॅग्नेशियम क्लोराइडचं संपृक्त द्रावण करा, तिथे ती ३३ टक्क्यांवर राहते. द्रावणाला स्पर्श होणार नाही अशा बेतानं आत एकेक छोटी वाटी ठेवा. वाटीत चिमूटभर चाळलेली वाळू, चादरीवरचे काळे कण आणि दहा-दहा अंडी. दोन-तीन दिवसांत मिठाच्या बरणीत दोन मिलिमीटरचा पांढुरका, बिनपायांचा, बिनडोळ्यांचा, विरळ केसांचा वळवळता धागा दिसेल, ती पिसूची अळी. एक-दोन दिवसांत त्याच्या पोटातून लालसर तपकिरी रेघ दिसू लागते, ते आईचं वाळकं रक्त. उजेड टाकलात की तो वाळूत खाली शिरतो. दोनदा कात टाकून तो चार-पाच मिलिमीटरचा होतो. दुसऱ्या बरणीतल्या अळ्या मात्र आक्रसून मरतात, कारण त्यांच्या अंगातलं पाणी हवा शोषून घेते. बघून झालं की दोन्ही बरण्या झाकणासकट दोन दिवस फ्रीझरमध्ये ठेवा. नाहीतर प्रयोग यशस्वी झाल्याची बातमी घरच्यांना पोटऱ्यांवर कळेल.

पुण्यातल्या पिसवांचा हंगाम या दोन बरण्यांतच दिसतो. एप्रिलच्या दुपारी इथली हवा दुसऱ्या बरणीइतकी, कधी त्याहूनही कोरडी असते, त्यामुळे उघड्यावरच्या अळ्या टिकत नाहीत. जून सरता सरता सगळं शहर पहिली बरणी होतं. म्हणून तक्रारी पावसाबरोबर सुरू होतात आणि दिवाळीपर्यंत चालतात. उन्हाळ्यातही त्या पूर्ण संपत नाहीत, कारण अळीला शहराची हवा लागत नाही, तिला फक्त तिच्या फटीतली हवा लागते. पार्किंगमधल्या पाण्याच्या टाकीची सावली, सिक्युरिटी केबिनचा कोपरा, बांधकामाच्या वाळूच्या ढिगाचा सावलीतला बुंधा, जुन्या वाड्यातली शहाबादी फरशीची उघडी सांध. भटकी कुत्री जिथे रोज दुपारी अंग टाकतात तिथे अंडी, खाणं आणि ओल तिन्ही एकत्र येतात. रखरखीत मैदानाच्या मधोमध फवारणी करून काही हाती लागत नाही.

पूर्ण वाढलेली अळी रेशमासारखा चिकट धागा काढून कोश विणते. त्याला धूळ, वाळू, केस चिकटतात आणि तो धुळीच्या गोळ्यासारखाच दिसतो. समोर असून ओळखू येत नाही. आत काही दिवसांत पिसू तयार होते. पण तयार झालेली पिसू लगेच बाहेर येईलच असं नाही, ती कोशातच थांबू शकते. कॅलिफोर्नियात जूल्स सिल्व्हरमन आणि मायकेल रस्ट यांनी १९८० च्या दशकात हे नीट तपासलं. दाब आणि ऊब मिळाली की कोशातली पिसू झटकन बाहेर येते, काही मिळालं नाही तर ती थंड आणि ओलसर जागी महिनोन्‌महिने तग धरते. बाहेर पडलेल्या उपाशी पिसूला दिवस मोजकेच मिळतात, तेव्हा गिऱ्हाईक दारात येईपर्यंत दुकान न उघडणं तिच्या सोयीचं. तुमच्या घरी नेमकं तेच झालं. दहा दिवस घर शांत होतं. तयार पिसवा साठत गेल्या. मग दार उघडलं, बॅगा आपटल्या, चार माणसं चालली, आणि सगळ्या एकदमच निघाल्या. कुत्रं-मांजर घरात नव्हतं, म्हणून तुमचे घोटे.

औषध फसतं ते याच ठिकाणी. कोशाच्या भिंतीतून आणि तिला चिकटलेल्या धुळीतून फवारा फारसा आत जात नाही. फवारणीच्या दिवशी जे कोशात होते ते पुढचे तीन-चार आठवडे, कधी त्याहून जास्त, थोडे थोडे बाहेर येत राहतात. तिसऱ्या आठवड्यात पिसवा दिसल्या म्हणजे औषध खोटं होतं असं धरू नका.

आता काम. पहिला नियम असा की घरातल्या प्रत्येक कुत्र्या-मांजराला एकाच दिवशी औषध, आणि ते दर वेळी वेळेवर, किमान तीन महिने. एक जनावर सुटलं की तेवढा एक कारखाना चालू राहिला. खरा सापळा हे औषध दिलेलं जनावरच असतं: कोशातून निघालेली पिसू त्याच्यावर चढते आणि अंडी घालायच्या आत मरते. म्हणून उपचार चालू असताना कुत्र्याला बाल्कनीत बांधून ठेवू नका. त्याला नेहमीच्या जागी झोपू द्या.

कोणतं औषध, हे तुमच्या पशुवैद्यानं वजन, वय आणि जुने आजार बघून ठरवायचं. चुका कुठे होतात तेवढं सांगतो. फिप्रोनिलचा ०.२५ टक्के स्प्रे घेतलात तर मात्रा किलोमागे ३ ते ६ मिलिलिटर. १०० मिलिलिटरच्या बाटलीचा एक दाब सुमारे अर्धा मिलिलिटर देतो. म्हणजे आखूड केसांच्या दहा किलोच्या कुत्र्याला कमीत कमी ६० दाब. लोक दहा-बारा दाब मारतात आणि औषध नकली म्हणतात. केस उलटे करत, हातमोजे घालून, कातडीपर्यंत ओलं करायचं. खिडक्या उघड्या ठेवायच्या. त्यात अल्कोहोल असतं, तेव्हा जवळ उदबत्ती किंवा समई नको. मानेवर टाकायचे थेंब असतील तर केस बाजूला करून कातडीवर टाका, आणि आधी-नंतर दोन दिवस आंघोळ नको. हे फिप्रोनिल सशाला कधीही लावू नका, ते त्याला घातक आहे. गोळ्यांमध्ये अफोक्सोलानेर महिन्याला एक, फ्लुरालानेर साधारण बारा आठवड्यांना एक. फ्लुरालानेर जेवणाबरोबरच द्या, उपाशीपोटी ते नीट शोषलं जात नाही. फिट्स येणाऱ्या कुत्र्याच्या बाबतीत या गटातली गोळी देण्याआधी डॉक्टरांना ते आवर्जून सांगा. आणि कुत्र्याचं परमेथ्रिनचं औषध मांजराला चुकूनही नको. मांजराचं यकृत ते पचवू शकत नाही. थरथर, झटके आणि मृत्यू, एवढ्यावर जातं. कुत्र्याला लावलं असेल तर ते वाळेपर्यंत मांजराला दुसऱ्या खोलीत ठेवा.

दुसरं काम फरशीचं. इथे झाडूपेक्षा व्हॅक्यूम क्लीनर. झाडू अंडी आणि अळीचा शिधा उचलण्याऐवजी कोपऱ्यात आणि सांधीत सारतो, म्हणजे नेमका अळीला हवा तिथे. पहिले दोन आठवडे रोज, मग एक दिवसाआड. दिवाणाखाली, सोफ्याच्या गाद्यांच्या खाचेत, पायपुसण्याखाली, कुत्र्याच्या जागेभोवती हात-दीड हात. व्हॅक्यूमनं अंडी आणि कण बऱ्यापैकी जातात. अळ्या गालिच्याच्या धाग्यांना विळखा घालून बसतात, त्या कमी निघतात. पण कंपनामुळे कोशातल्या पिसवा बाहेर येतात, हा दुहेरी फायदा. पिशवी लगेच बाहेर नेऊन बांधून टाका. कुत्र्याच्या अंथरुणाच्या चादरी, गोधड्या, खोळी आठवड्यातून एकदा ६० अंश गरम पाण्यात. धुता न येणारी जाड गोधडी कडक उन्हात दिवसभर, दोन्ही बाजूंनी. आजीचा उन्हात टाकायचा हट्ट पिसवांच्या बाबतीत शास्त्राला धरूनच होता. उघड्या सांधी सिमेंटनं भरून घ्या, ते एकदाच करायचं काम आहे.

तिसरं, फवारणी करायचीच असेल तर पेस्ट कंट्रोलवाल्याला एकच प्रश्न विचारा: यात वाढरोधक आहे का? मेथोप्रीन किंवा पायरिप्रॉक्सिफेन ही कीटकांच्या बाल-संप्रेरकाची नक्कल करणारी रसायनं. अळीला ती प्रौढ होऊच देत नाहीत. मेथोप्रीन उन्हात लवकर मोडतं, पायरिप्रॉक्सिफेन जास्त टिकतं. नुसतं प्रौढ मारणारं औषध फवारलं तर महिन्याभरानं तुम्ही परत इथेच. आणि फवारा ओट्यावर किंवा भिंतीच्या वरच्या भागावर नको. जमिनीलगतची वीतभर भिंत, फर्निचरची खालची बाजू आणि सांधी पुरे. फिश टँक असेल तर झाकून हवेचा पंप बंद करा. वाळेपर्यंत लेकरं आणि जनावरं बाहेर.

काय करू नये याची यादी मोठी आहे, पण चार गोष्टी वारंवार घडतात. लसूण खाऊ घालणं: कुत्र्या-मांजराच्या तांबड्या पेशी त्यानं फुटतात. फिनेलनं अंग पुसणं: मांजराला विषारी. रॉकेल: कातडी भाजते. डांबरगोळ्या अंथरुणात: त्याही विषारी. अल्ट्रासॉनिक पट्ट्यांवर पैसे घालवू नका, पिसूला त्याचं काही पडलेलं नसतं.

प्रगती मोजायला दिव्याखाली पसरट थाळी ठेवा, तीत पाणी आणि भांड्यांच्या साबणाचे थेंब. नवीन निघालेल्या पिसवा उजेडाकडे उड्या मारतात. रोज सकाळी मोजून कॅलेंडरवर आकडा लिहा. दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात आकडा वर गेला तर घाबरू नका, सहाव्या आठवड्यानंतरही खाली आला नाही तर मात्र कुठेतरी एक जनावर किंवा एक जागा सुटलेली आहे. बहुतेकदा ती जिन्याखालची मांजरी असते. आणि जनावराच्या शेपटीखाली भाताच्या शितासारखे तुकडे दिसले तर तो डायपिलिडियम नावाचा चपटा कृमी. त्याची अंडी पिसूची अळी खाते, मोठी झालेली पिसू कुत्रं चाटून गिळतं. जंताची गोळी देऊन पिसवा तशाच ठेवल्या तर तो परत येतो.

शोधलं कोणी, हा तुमचा दुसरा प्रश्न. पिसूचं पहिलं गाजलेलं मोठं चित्र रॉबर्ट हूक यांनी १६६५ मध्ये लंडनमध्ये छापलं. त्याच शतकाच्या अखेरीस हॉलंडमधल्या डेल्फ्टच्या लेव्हेनहूक यांनी पिसवा घामातून किंवा धुळीतून आपोआप होत नाहीत, अंडं-अळी-कोश असा क्रम असतो हे दाखवलं. पण पिसूशास्त्राला खरा रेटा मिळाला तो प्लेगमुळे, आणि त्या गोष्टीचा मोठा भाग आपल्याच आसपास घडला.

मुंबईत प्लेग १८९६ मध्ये आला आणि तिथून पुण्यात. १८९७ च्या मार्चमध्ये रुग्णांची सेवा करता करता सावित्रीबाई फुले गेल्या. रँडच्या हाताखाली घरझडत्या, कार्बोलिक, जाळपोळ, सक्तीचं स्थलांतर सुरू झालं. २२ जूनच्या रात्री गणेशखिंड रस्त्यावर चापेकरांनी रँडला गोळी घातली. या सगळ्या काळात सरकारी खात्यालाच काय, जगात कोणालाच रोग पसरतो कसा हे सिद्ध करता आलेलं नव्हतं. जंतू १८९४ मध्ये हाँगकाँगला जंतुशास्त्रज्ञ येर्सां यांना सापडला होता, वाट सापडली नव्हती. लोकांना मात्र खूण ठाऊक होती. ‘उंदीर पडायला लागले’ की माणसं गावाबाहेर रानात झोपड्या बांधायची. कारण माहीत नसताना उपाय बरोबर होता.

वाट सापडली वर्षभरानं, कराचीत. पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच लष्करी डॉक्टरनं २ जून १८९८ ला मोठ्या काचेच्या बरणीत प्लेगचा आजारी, पिसवा असलेला उंदीर ठेवला, आणि एक निरोगी उंदीर जाळीच्या पिंजऱ्यात घालून त्याच बरणीत टांगला. दोघांचा एकमेकांना स्पर्श होणं शक्य नव्हतं. पहिला मेला आणि काही दिवसांत दुसराही प्लेगनंच मेला. पिसवा नसलेल्या उंदरांत रोग पसरला नाही. बरीच वर्षं कोणी हे मनावर घेतलं नाही. मग मुंबईत कॅप्टन ग्लेन लिस्टन यांनी प्लेगच्या घरांत गिनीपिग सोडून त्यांचा पिसवांचा सापळा म्हणून उपयोग केला आणि उंदीर मेलेल्या घरांत भुकेल्या उंदीरपिसवा मोकाट फिरतात हे दाखवलं. १९०५ पासून परळच्या प्लेग कमिशननं प्रयोग वाढवले. जनावरांचे पिंजरे जमिनीपासून दोन इंचांवर टांगले तर प्लेग झाला, दोन फुटांवर टांगले तर नाही. उंदीरपिसूची उडी तेवढी उंच जात नाही, एवढाच फरक. खाटेवर झोपण्याचा फायदा यापेक्षा स्वस्तात कोणी सिद्ध केला नसेल.

ती उंदीरपिसू, झेनोप्सिला किओपिस, नाथानिएल चार्ल्स रोथशिल्ड यांनी सुदानमधल्या नमुन्यांवरून १९०३ मध्ये वर्णिली आणि पिरॅमिडवाल्या राजाचं नाव तिला दिलं. हे गृहस्थ लंडनच्या सावकारी पेढीचे वारस, आणि नाद पिसवांचा. त्यांचा प्रचंड संग्रह पुढे ब्रिटिश म्युझियमकडे गेला. त्यांच्या कन्या मिरियम रोथशिल्ड यांनी १९५३ पासून त्याची सूची अनेक खंडांत काढली. सशाच्या पिसूवरचं त्यांचं काम तर अफलातून: मादी पिसूची अंडाशयं पिकतात ती गाभण सशिणीच्या रक्तातल्या संप्रेरकांवर. पिल्लं जन्मली की पिसवा त्यांच्यावर उतरतात आणि तिथेच जोड्या जमतात. इकडे मुंबईच्या हाफकिन इन्स्टिट्यूटमध्ये एम. शरीफ यांनी भारतातल्या तीन झेनोप्सिलांच्या अळ्यांना काय खायला लागतं हे तपासलं, कारण कोणत्या शहरात कोणती पिसू वाढते यावर प्लेगचा जोर ठरत होता. आणि पिसू रोग देते कशी, हे १९१४ मध्ये लंडनच्या लिस्टर इन्स्टिट्यूटमधल्या बॅकट आणि मार्टिन यांनी दाखवलं. जंतू पिसूच्या जठराआधीच्या काटेरी झडपेत वाढून बूच तयार करतात. पिसू उपाशी राहते, पुन्हा पुन्हा चावते, रक्त बुचाला आपटून जंतूंसकट जखमेत परततं. बॅकट १९२२ मध्ये कैरोत गेले, टायफसवर काम करताना टायफसनंच.

उडीबद्दल थोडक्यात. पंख गेले तरी पंखाच्या बिजागरीतलं रेझिलिन नावाचं रबरासारखं प्रथिन पिसूनं ठेवून घेतलं. स्नायू ते सावकाश दाबतात, खटका सुटला की साठलेली ऊर्जा एका मिलिसेकंदाच्या आसपास बाहेर पडते. हे गणित १९६७ मध्ये बेनेट-क्लार्क आणि ल्यूसी यांनी मांडलं. पण जोर जमिनीला गुडघ्याजवळून लागतो की पावलांतून, हा वाद २०११ पर्यंत चालला. केंब्रिजच्या सटन आणि बरोज यांनी सेकंदाला ५००० चित्रं घेणाऱ्या कॅमेऱ्यानं तो पावलांच्या बाजूनं मिटवला. कुत्रापिसू मांजरपिसूपेक्षा उंच उडते हे मोजणाऱ्या तुलूजच्या तिघांना २००८ चं इग नोबेल, म्हणजे गमतीदार संशोधनाला मिळणारं बक्षीस, मिळालं. लोक हसले, पण पिसूची उडी किती इंच, या एका आकड्यावर कधीकाळी माणसं वाचली होती.

शेवटी, जात ओळखायची असेल तर पिसवा ७० टक्के अल्कोहोलमध्ये टाका, सॅनिटायझरच्या जेलमध्ये नको. दहा टक्के पोटॅशियम हायड्रॉक्साइडमध्ये एक दिवस ठेवून आतलं रक्त-मांस विरघळवा, पाण्यानं धुवा, चढत्या अल्कोहोलमधून न्या, लवंगेच्या तेलात पारदर्शक करा आणि कॅनडा बाल्सम या पारदर्शक राळेखाली स्लाइड करा. घाईनं अल्कोहोलचा एखादा टप्पा गाळला तर पाणी राहून बाल्सम दुधाळ होतं आणि काहीच दिसत नाही. गालाखाली आणि मानेवर काळ्या काट्यांचे दोन कंगवे दिसले तर टेनोसेफॅलिडिस. गालाचा पहिला काटा दुसऱ्याइतकाच लांब असेल आणि डोकं लांबट असेल तर मांजरपिसू, पहिला निम्मा आणि डोकं गोल असेल तर कुत्रापिसू. कंगवा एकही नसेल तर दोन शक्यता: माणूसपिसू किंवा उंदीरपिसू. छातीच्या मधल्या खंडाच्या बाजूला उभी दांडी दिसली तर झेनोप्सिला.

तसं निघालं तर प्रश्न कुत्र्याचा राहत नाही, इमारतीतल्या उंदरांचा होतो, आणि तिथे क्रम चुकवू नका. उंदरांना आधी विष घातलं तर मेलेल्या उंदराचं अंग गार पडताच त्याच्या सगळ्या पिसवा उतरून पहिल्या उबदार प्राण्याकडे निघतात. आधी बिळांत आणि उंदरांच्या वाटांवर पिसूनाशक भुकटी, मग काही दिवसांनी उंदीर. कारण कळत नसताना उंदीर भराभर मरून पडलेले दिसले तर हात लावू नका. महापालिकेच्या आरोग्य खात्याला कळवा. पकडलेल्या उंदरांमागे सरासरी किती किओपिस मिळतात हा निर्देशांक ते काढतात, तो एकच्या वर गेला की धोक्याची खूण. १९९४ मध्ये बीड जिल्ह्यात आणि सुरतेत प्लेगची बातमी आली होती.